गंगेला दिलेले खोके

वह्या गेल्या हे कळलं त्या दिवशी बद्रीनाथ दिवाळीनंतर पहिल्यांदा कामावर आला होता. त्याच्या घरी यंदा सण नव्हता. बायको, सुरेखा, चैत्रात गेली, आणि माणूस गेलं की वर्षभर घरात सण करत नाहीत. म्हणून सुट्टीचे दिवस त्याने जाफराबादला भावाकडे काढले. त्याच्याकडे बघून भावाच्या पोरांनी फटाके उडवले नाहीत. ते त्याला बघवेना. शेवटी ठरल्यापेक्षा एक दिवस आधीच तो एसटीत बसून परत आला.

नवीन जालन्यात स्टेशनकडून येणाऱ्या रस्त्यावर बियाण्याची ती कंपनी आहे. पुढे ऑफिस, मागे गोदाम आणि दोन्हींच्या मधे रेकॉर्ड विभाग. बद्रीनाथ त्या विभागाचा प्रमुख. लोकांना वाटायचं की तो कागद सांभाळतो. कागद काय, कुलूपही सांभाळतं. कोणता कागद किती वर्षं ठेवायचा, तो कुणी बघायचा आणि कुणी बघायचा नाही, रॅकवरून हलला तर कुठे गेला याची नोंद कुणी करायची, मुदत संपली की तो कसा नष्ट करायचा, हे ठरवणं आणि ठरलेलं सगळ्यांना पाळायला लावणं हे त्याचं काम होतं. पाळायला लावण्यातच त्याचे केस पांढरे झाले होते.

विभागाच्या दारात वंदना उभी होती. वंदना कंपनीची कायदा अधिकारी, त्याच्या मुलीच्या वयाची, जालन्याचीच.

"काका, बाजरीच्या वह्या काढा. वकिलांना आज फोटो पाठवायचेत."

बाजरीच्या वह्या म्हणजे काय, ते सांगायला हवं. कंपनीच्या बाजरीच्या एका संकरित वाणाचा सगळा जीव त्याच्या नर लाइनमध्ये, म्हणजे पराग देणाऱ्या जनक वाणात, होता. ती लाइन आपली आहे, असा दावा परराज्यातल्या एका मोठ्या कंपनीने लावला होता. पुढच्या महिन्यात चौकशी अधिकारी कागद तपासायला जालन्याला येणार होत्या. लाइन इथेच, या मातीत तयार झाली, हे दाखवणारा एकच पुरावा होता, तो म्हणजे संशोधन शेतावरच्या जुन्या वह्या. ज्या सरांनी लाइन तयार केली ते आता नागपूरला मुलाकडे असत आणि स्वतःच्या मुलाचं नावही विसरत. वह्या नसतील तर लाइन गेली, वाण गेला आणि त्याच्यावर चाललेलं शेतावरचं सगळं कामही गेलं.

त्या वह्यांमधलं बहुतेक अक्षर सुरेखाचं होतं. लग्नानंतर बरीच वर्षं ती त्या शेतावर नोंदी करायला होती. बाया कणसांवर कागदी पिशव्या चढवत पुढे जायच्या आणि ही मागून, हातात वही, कानामागे पेन्सिल. सरांचा नियम होता, शेतात पेन न्यायचं नाही. वंदनाला हे माहीत नव्हतं. ऑफिसात जुन्यांपैकी दोघा-तिघांना माहीत होतं, पण ते बोलत नसत. सुरेखा गेल्यापासून बद्रीनाथने त्या वह्या एकदाही उघडल्या नव्हत्या. त्या रॅकवर आहेत एवढं त्याला पुरत होतं.

त्याने कुलूप काढलं, दिवा लावला आणि तिसऱ्या रॅकपाशी गेला. तिथे दोन खोक्यांएवढी जागा रिकामी होती. फळीवर धुळीत दोन चौकोन उमटले होते.

"कुणी नेले?" वंदनाने विचारलं.

"कुणी न्यायचेच न्हाईत," तो म्हणाला. "पिवळी चिठ्ठी लावल्ती. हलवू नये म्हणून."

"स्कॅन तर आहे ना?"

"स्कॅनला लावल्या होत्या. पेन्सिल फिकी, मशीनला दिसली न्हाई. कोरी पानं आली. दिवाळीनंतर तिरपा उजेड टाकून फोटो काढायचे ठरवलं होतं."

वंदना खाली पायरीवर बसली. तो बसला नाही. विभागाची दुसरी किल्ली फक्त शेठजींकडे असायची.

राधेश्यामजी, कंपनीचे मालक, चहा पीत होते. खोक्यांचं नाव काढताच त्यांनी कप खाली ठेवला.

"अरे, ते तर मी लक्ष्मीपूजनाला मांडले. तुम्ही नव्हता. म्हटलं, यंदा चोपडीपेक्षा मोठी लक्ष्मी ती. स्वतःच्या हाताने स्वस्तिक काढलं दोन्हींवर. फुलं वाहिली."

"त्यावर हलवू नये असं लिहिलं होतं, शेठजी."

"देवापुढे ठेवलं तर त्याला हलवणं म्हणतात का, बद्रीनाथ?"

"पूजेनंतर कुठं गेले?"

ते शेठजींना माहीत नव्हतं. ऑफिसची साफसफाई बघणाऱ्या रामकिसनला माहीत होतं. तो झाडू हातात धरूनच आला आणि बद्रीनाथचा चेहरा पाहून त्याने झाडू भिंतीला लावला.

आता इथली एक रीत. मुदत संपलेले कागद कंपनी मशीनमध्ये घालून बारीक करते. पण ज्या चोपड्यांची पूजा झाली, ज्यांच्या पहिल्या पानावर श्री काढून हळदकुंकू वाहिलं, त्या मशीनमध्ये घालायला ऑफिसातला एकही माणूस तयार होत नाही. पुण्याहून मशीन आलं तेव्हा बद्रीनाथने दोन महिने समजावून बघितलं होतं. शेवटी नियमातच एक कलम घातलं. पूजेच्या जुन्या चोपड्या दरवर्षी दिवाळीनंतर निर्माल्याबरोबर शहागडला न्यायच्या आणि गंगेत सोडायच्या. गोदावरीला इकडे सगळे गंगाच म्हणतात.

"कुंकू लावलेलं सगळं एका जागी होतं," रामकिसन म्हणाला. "दरवर्षीसारखं गाडीत भरलं. मला काय माहीत, भाऊ?"

"कधी?"

"परवा. फकरूभाई घेऊन गेल्ता."

फकरोद्दीन कंपनीची पिकअप चालवायचा. तो गोदामाच्या फाटकाशी टायर बघत होता. त्याने सगळं ऐकून घेतलं आणि हात पुसले.

"सोडले साहेब. मी न्हाई, तिथं कचरू आहे ना, त्याच्या हातात दिले. दरसालसारखं. जरा वजनदार होते, म्हणून मी बोललोही, यंदा शेठने हिसाब लई केला म्हणून."

कुणी हसलं नाही. बद्रीनाथ एवढंच म्हणाला, "गाडी काढा, फकरूभाई."

"आता? दोन दिवस झाले, साहेब. कागद आहे तो. खीर झाली असेल."

"खीर झाली का न्हाई, ते बघायचं. चला, जल्दी."

निघण्याआधी तो बियाणं तपासणीच्या प्रयोगशाळेत गेला. तिथे नसरीन होती. बियाण्याच्या उगवण चाचण्या तिच्याकडे असायच्या. त्याने तिला विचारलं, "नसरीन, ओलं बियाणं आलं, लगेच वाळवता येत न्हाई, तर काय करता?"

"थंड खोलीत ठेवते. बुरशी थांबते. मग कोरड्या हवेच्या खोलीत, हळूहळू. एकदम वाळवलं तर तडकतं."

"वह्यांचंही तसंच असतं. हैदराबादच्या ट्रेनिंगमध्ये शिकवल्तं. तेव्हा वाटलं, जालन्यात कुठं पूर येतो, हे कशाला शिकायचं."

नसरीनने खोक्यांचं तोपर्यंत ऐकलं होतं. ती म्हणाली, "तुम्ही आणा तर, काका. खोलीची जागा मी बघते."

वंदना गाडीत आधीच जाऊन बसली होती.  अंबड मागे पडल्यावर तिने विचारलं, "काका, घाबरलात का?"

"हो," तो म्हणाला.

शहागडला हमरस्ता सोडून ते खाली काठावर आले. बंधाऱ्याचं पाणी तुंबून काठोकाठ होतं, वाहत नव्हतं. कचरू तराफ्यावर जाळं नीट करत होता. वय झालेला, पण दंड अजून भरलेले. निर्माल्य पाण्यात नेऊन सोडायचं काम त्याच्या घरात बापापासूनचं. त्याची म्हातारी आई, सगुणाबाई, काठावर नारळ आणि खण विकायला बसली होती.

"परत न्यायला आलात?" कचरूने दोनदा विचारलं. "इतकी वर्षं झाली, गंगेला दिलेलं परत मागायला आलेलं कुणी बघितलं न्हाई. त्या अंबडच्या माणसानं सासऱ्याचा दात चुकून सोडल्ता, तोसुद्धा आला न्हाई."

"खोके कुठं सोडले?"

"सोडले न्हाई, बुडवले. कागद तरंगतो अन् मंग काठाला येतो, लोकांचा पाय लागतो. आम्ही बियाण्याच्या पोत्यात घालतो, तोंड बांधतो, दगड लावतो. तिकडं, पुलाच्या दुसऱ्या खांबाजवळ. डोह आहे."

"पोत्यात घातलेत?" बद्रीनाथचा आवाज बदलला. "तोंड बांधून?"

"तुमच्याच कंपनीची पोती. लई मजबूत असतात."

कचरू उठला तसा सगुणाबाईने हात आडवा धरला. "थांब रे. असं कसं काढता? आईच्या पदरात टाकलेलं हिसकून न्यायचं का? वटी भरा आधी."

बद्रीनाथने खिशात हात घातला. म्हातारीने त्याच्याकडे वरपासून खालपर्यंत बघितलं. "तुम्ही न्हाई. बाईमाणसाचं काम ते. मालकीण न्हाई आली?"

"न्हाई," तो म्हणाला. "वारली."

 म्हातारीने वंदनाला बोलावलं, तिच्या ओंजळीत खण, नारळ, तांदूळ ठेवले आणि कसं करायचं ते सांगितलं. वंदना जीन्स गुडघ्यापर्यंत दुमडून पाण्यात उतरली. परत आल्यावर फकरोद्दीन म्हणाला, "मॅडम, वकिलीच्या कॉलेजात हे शिकवलं असेल ना?"

"पहिल्याच वर्षी," वंदना म्हणाली.

कचरूने तीन बुड्या मारल्या. तिसऱ्या बुडीत तो इतका वेळ खाली राहिला की फकरोद्दीनने चपला काढल्या. मग पाण्याबाहेर आधी एक पोतं आलं आणि मागून कचरूचं डोकं. थोड्या वेळाने दुसरंही निघालं. वंदना मोबाइलवर सगळं टिपत होती. तिला ते कुणी सांगितलं नव्हतं.

खोक्यांचा लगदा झाला होता. आत वह्या होत्या. जाड पुठ्ठ्याच्या, फुगलेल्या, गाळाने माखलेल्या. कचरूने एक उचलली आणि उन्हात दगडावर पसरायला घेतली.

"उन्हात न्हाई!" बद्रीनाथने ती त्याच्या हातातून घेतली. "वाळली की पानं चिकटतात. मंग कधी सुटत न्हाईत. ओलीच ठेवा. गोणपाट भिजवा."

"अजब माणूस," कचरू म्हणाला. "पाण्यातून काढलं, आता पाण्यातच ठेवा म्हणून राह्यला."

गाडीत ठेवण्याआधी बद्रीनाथने एका वहीचं फक्त कव्हर उचलून बघितलं. पहिल्या पानावर शेठजींच्या जुन्या हिशेबनिसाने निळ्या शाईत कंपनीचं नाव घातलं होतं. तिथे आता नुसता निळा ढग होता. त्याच्याखाली पेन्सिलीने हंगाम, पट्टा क्रमांक आणि 'नोंद: सुरेखा' असं लिहिलं होतं. एकही अक्षर हललं नव्हतं. सगळ्या जगाची शाई धुऊन निघाली असती तरी हे राहिलं असतं, असं त्याला वाटलं. तो ते वाटणं कुणाला बोलला नाही. त्याने कव्हर मिटलं आणि वर ओलं गोणपाट घातलं.

जालन्याला नसरीनने थंड खोलीतले पैदास बियाण्याचे डबे एका बाजूला लावून जागा केली होती. दुसऱ्या दिवसापासून एकेक वही बाहेर निघू लागली. पानापानांत काय घालायचं हा प्रश्न होता. टीपकागद तेवढा जालन्यात मिळेना. नसरीनने तिच्या कपाटातून उगवण चाचणीचे कागद काढले. बी ज्या कागदात गुंडाळून भिजत ठेवतात तो जाड, मऊ कागद. तो पाणी असं पितो की वरचं पान बघता बघता हलकं होतं.

"आमचा कागद बी उगवायला असतो," ती म्हणाली. "आज पहिल्यांदा वाळवायला वापरून राह्यले."

ती दोघं आणि प्रयोगशाळेतल्या मुली जेवणाची सुट्टी सोडून त्या कामाला लागली. पान उचलायचं, कागद घालायचा, सकाळचा कागद संध्याकाळी बदलायचा. मग वही कोरड्या हवेच्या खोलीत, जिथे बियाण्याचा ओलावा हळूहळू उतरवतात तिथे. रामकिसन रोज चहा आणायचा आणि दाराबाहेरच ठेवायचा. ओलं काहीही आत न्यायचं नाही असं त्याचं त्यानेच ठरवलं होतं.

वह्या वाचता येऊ लागल्या तेव्हा शेठजींनी बद्रीनाथला आणि वंदनाला बोलावलं.

"छप्पर गळलं म्हणायचं," ते म्हणाले. "पावसाने भिजल्या. सरळ गोष्ट. गंगा, पूजा, हे काही बोलायचं नाही. ती मोठी कंपनी हसेल. पेपरात येईल. मी स्वस्तिक काढलं, हेही येईल."

 वंदनाने बद्रीनाथकडे बघितलं.

"शेठजी, छप्पर गळलं न्हाई," तो म्हणाला.

"कुणाला कळणार आहे?"

"मला. हालचालीची नोंद माझ्या सहीची असते. वही रॅकवरून कधी निघाली, कुणी नेली, कुठं होती, कशी आली, सगळं लिहावं लागतं. त्यातली एक ओळ खोटी निघाली की त्यांचा वकील म्हणेल, बाकीचं पण खोटंच. अन् तो बराबर म्हणेल."

"आणि मी सांगतोय म्हणून लिहिलं तर?"

"मंग सही दुसऱ्याची घ्या. मी बिलकुल करणार न्हाई."

राधेश्यामजींनी खिडकीबाहेर बघितलं. ते वाईट माणूस नव्हते. त्यांना लाज वाटत होती, एवढंच. "माझं नाव लिहाल?"

"लिहावं लागंल. कुंकू लावलं, असं लिहीन. चुकून लावलं, असं लिहिणार न्हाई. चांगल्या मनानं लावलं होतं तुम्ही."

"लिहा," शेठजी म्हणाले. मग थोड्या वेळाने म्हणाले, "स्वस्तिक चांगलं आलं होतं, हेही लिहा पाहिजे तर."

बद्रीनाथने सगळं लिहिलं. रॅक, पूजा, साफसफाई, पिकअप, डोह, थंड खोली. फकरोद्दीनचा आणि कचरूचा जबाब जोडला. वंदनाने काढलेलं चित्रीकरण जोडलं. पण तेवढ्यावर तो थांबला नाही. उरलेल्या दिवसांत तो रॅकांमधून फिरला आणि संशोधन शेताचे दुसरे कागद काढत गेला. मजुरांच्या हजेरीचे पट, पर्जन्यमापकाची कार्डं, पंपाच्या डिझेलच्या चिठ्ठ्या. त्यांना कुणी विचारत नसे. मुदत संपली तरी त्याने ते ठेवून घेतले होते, कारण लाइन जिवंत असेपर्यंत शेताचा एकही कागद जाऊ द्यायचा नाही, असं त्याने स्वतःच नियमात घातलं होतं. हिशेब विभागाने त्यावरून त्याची पुष्कळ थट्टा केली होती. डिझेलच्या चिठ्ठ्यांचं काय लोणचं घालणार का, असं विचारलं होतं.

सुनावणी कंपनीच्या मोठ्या खोलीत झाली. चौकशी अधिकारी बाई शांत होत्या. समोरच्या कंपनीचे वकील तयारीचे होते. त्यांनी बद्रीनाथचं निवेदन वाचलं आणि चष्मा काढला.

"म्हणजे या वह्या नदीत होत्या."

"हो."

"नदीत भिजल्या, की भिजवल्या? नव्या वह्या लिहून पाण्यात बुचकळल्या की त्या जुन्या दिसतात, हे कुणालाही माहीत आहे."

 राधेश्यामजी खुर्चीत पुढे सरकले. बद्रीनाथ अधिकारी बाईंना म्हणाला, "मॅडम, या वह्यांवर एकट्यावर विश्वास ठेवा असं मी म्हणत न्हाई. साहेबांनी कोणतंही पान काढावं. त्या तारखेला शेतावर दुसरं काय काय लिहिलं गेलं, ते मी मागच्या खोलीतून आणून दाखवतो. ते कागद गंगेत गेलेले न्हाईत."

बाईंनी मान हलवली. वकिलांनी एक पान काढलं. त्यावर लिहिलं होतं, दुपारी पाऊस, पिशव्या भिजल्या, काम उद्या पुन्हा. बद्रीनाथ मागे गेला आणि त्या दिवसाचं पर्जन्यमापकाचं कार्ड घेऊन आला. पाऊस होता. दुसरं पान काढलं. पंप बंद, दोन पट्ट्यांना पाणी नाही. त्या दिवशीच्या चिठ्ठीवर डिझेल संपल्याची नोंद होती. तिसऱ्या पानावर पोळा, काम बंद असं होतं, आणि हजेरीपटावर त्या रकान्यात सगळ्यांच्या नावापुढे सुट्टीची एकच रेघ होती.

वकील मग पानं उलटत बसले. त्यांना काय हवं ते सापडायला वेळ लागला. सापडल्यावर त्यांनी वही बाईंपुढे ठेवली.

"हे बघा. सकाळच्या नोंदी एका अक्षरात, दुपारच्या दुसऱ्याच. खाली नाव मात्र सकाळच्याच माणसाचं. एका दिवसाचं पान दोघांनी लिहिलं. हे शेतात झालं, की घरी बसून?"

बद्रीनाथने पानाकडे बघितलं. तारीख बघितली. त्याला मागे जायला लागणार होतं, पण काय सापडणार हे त्याला कळलं होतं, आणि तो एक क्षण तसाच उभा राहिला. मग त्याने हजेरीपट आणला आणि बोट ठेवलं. बाईंनी मोठ्याने वाचलं.

"सुरेखा. अर्धा दिवस. घरी नवऱ्याला विंचू चावला." त्यांनी वर बघितलं. "आणि दुपारी त्यांच्या जागी?"

"खालचीच ओळ. पिशव्या चढवणाऱ्या द्वारकाबाईंनी नोंद केली. त्यांच्या अंगठ्याशेजारी सही आहे बघा, त्या नुकत्याच लिहायला शिकल्या होत्या. म्हणून अक्षर तसं. पानाखालचं नाव सकाळीच टाकलेलं असायचं."

बाईंनी वहीतलं दुपारचं अक्षर आणि पटावरची सही शेजारी धरून बघितली. वकिलांनीही वाकून बघितलं. मग ते खाली बसले.

"या सुरेखाबाई कुठे असतात? त्यांना बोलावता येईल?" बाईंनी विचारलं.

"चैत्रात वारल्या."

"आणि ते विंचू चावलेले गृहस्थ?"

"मीच आहे, मॅडम," बद्रीनाथ म्हणाला.

बाईंनी पेन खाली ठेवलं.  पुढची तपासणी संध्याकाळपर्यंत चालली. वकिलांनी आणखी पानं काढली आणि प्रत्येक पानाला मागच्या खोलीतून उत्तर आलं. शेवटी शेवटी तर हिशेब विभागाची माणसं दारात गर्दी करून बघत होती आणि डिझेलची चिठ्ठी निघाली की एकमेकांना कोपर मारत होती.

निकाल पौषात आला. लाइन कंपनीचीच. निकालात एक परिच्छेद रेकॉर्ड विभागावर होता. कागद हरवल्याचं लपवलं नाही आणि एका नोंदीला दुसऱ्या नोंदींचा आधार ठेवला, म्हणून या वह्या ग्राह्य धरल्या, असं त्यात लिहिलं होतं. वंदनाने तो परिच्छेद मोठा करून विभागाच्या दारावर लावला. बद्रीनाथने तो काढून फाइलला लावला. तिने दुसरी प्रत लावली. ती त्याने राहू दिली.

राधेश्यामजींनी सगळ्या कंपनीला जेवण दिलं. पंगतीसाठी कचरूला आणि सगुणाबाईला शहागडहून आणायला फकरोद्दीन गेला होता. म्हातारीने जिलबी खाताना बद्रीनाथला विचारलं, "मालकिणीचंच अक्षर होतं म्हणे?"

"हो."

"मंग गंगेनं उगाच न्हाई दिलं," ती म्हणाली आणि आणखी एक जिलबी घेतली.

शेठजींनी त्या जेवणातच जाहीर केलं की शेतावरच्या नव्या इमारतीला सुरेखाचं नाव द्यायचं. बद्रीनाथ उठून उभा राहिला. लोकांना वाटलं तो आभार मानणार. तो म्हणाला, "पाटी लावताना द्वारकाबाईचंही घाला. अर्धा दिवस तिचा होता." सगळे हसले, टाळ्या वाजल्या, आणि खरोखर दोन्ही नावं लागली.

नियमातही एक ओळ वाढली. पूजेला मांडायची ती कोरी वही, आणि तीसुद्धा विभागाची सही घेऊन. शेठजींनी स्वतः त्यावर सही केली.

वह्यांचे फोटो झाले. तिरप्या उजेडात पेन्सिलीचा एक एक चर दिसला. बद्रीनाथने ते काम दुसऱ्या कुणाला दिलं नाही. रोज थोडी पानं घ्यायचा. घरी गेल्यावर एकट्याने भाकरी थापताना त्याला त्यातलं एखादं वाक्य आठवायचं, पट्टा चार, कणसं चांगली भरली, आणि तव्यावरची भाकरी करपायची. चैत्रात सुरेखाचं वर्षश्राद्ध झालं. भावाची पोरं आली होती. या दिवाळीला आम्ही फटाके उडवू का, असं धाकट्याने विचारलं. त्याने हो म्हटलं.

एक वही तेवढी राहिली. सुरेखाने शेतावरचं काम सोडलं त्या हंगामातली. ती पोत्यात सगळ्यात खाली होती आणि तिची मधली पानं एकमेकांना धरून बसली आहेत. नसरीन म्हणते, आणखी थोडा ओलावा देऊन सुटतील, तुम्ही म्हणाल तेव्हा करू. वही थंड खोलीत, वरच्या फळीवर आहे. ती अजून उघडलेली नाही.